बी निर्विष, झाड विषारी: ऑस्ट्रेलियाच्या जांभळ्या रानकापसाचं प्रकरण

कापसाच्या पट्ट्यात वाढलेल्या माणसाला सरकीबद्दल वेगळं काही सांगावं लागत नाही. रुई गाठीत जाते, सरकी घाण्याला जाते, तेल निघतं आणि ढेप गोठ्यात येते. म्हशीला ढेप घातली की दुधाला फॅट लागते हे सगळ्यांना माहिती. पण तीच ढेप पोल्ट्रीवाला मोकळ्या हाताने टाकत नाही, डुक्करपालनवाले तर लांबच राहतात, आणि लहान वासरांना जपून द्या असं डॉक्टर पण सांगतात. या सगळ्यामागे एकच भानगड आहे, गॉसिपॉल नावाचं पिवळं द्रव्य. पराटीच्या, म्हणजे कापसाच्या झाडाच्या, पानावर, देठावर, बोंडावर बारीक काळे ठिपके दिसतात ना, त्या तेलग्रंथी, त्यातच हे भरलेलं असतं आणि सरकीच्या आतल्या गरातसुद्धा तेच ठिपके असतात.

मोठ्या जनावराच्या पोटात, म्हणजे रवंथ करणाऱ्याच्या, पहिल्या कप्प्यातच ते बऱ्यापैकी बांधलं जातं म्हणून त्यांना चालतं. कोंबडी, डुक्कर, माणूस यांच्याकडे तो कप्पा नाही आणि वासराचा अजून तयार झालेला नसतो. कोंबडीला जास्त गेलं तर वाढ खुंटते, शिवाय अंडी साठवली की बलक हिरवट-तपकिरी पडतो, असलं अंडं कोण घेणार. माणसाचं सांगायचं तर चीनमध्ये काही खेड्यांत घाण्यावर कच्चं काढलेलं सरकीचं तेल खाऊन पुरुषांना मूल होईना असं लक्षात आलं, मग तिथल्या लोकांनी उलटाच विचार केला की हीच पुरुषांची गर्भनिरोधक गोळी का करू नये, आणि 1970च्या दशकात 8,000 पेक्षा जास्त पुरुषांवर त्याची चाचणी घेतली. गोळी काम करायची, पण रक्तातलं पोटॅशियम घसरायचं आणि काहींची प्रजननक्षमता परत आलीच नाही, म्हणून तो विषय पुढे बंद झाला. आपण दुकानातून आणतो ते सरकीचं रिफाइंड तेल यात येत नाही बरं का, रिफायनिंगमध्ये गॉसिपॉल निघून जातं, उगाच घाबरायचं कारण नाही.

आता हे एवढं का महत्त्वाचं, तर पराटी एक किलो रुई देते तेव्हा सोबत साधारण 1.65 किलो सरकी देते आणि त्या सरकीत 23 टक्क्यांच्या आसपास प्रोटीन असतं, तेल 21 टक्के. म्हणजे आपण ज्याला दोऱ्याचं पीक म्हणतो ते वजनाने बघितलं तर सरकीचं पीक आहे. जगभरातल्या सरकीतलं प्रोटीन माणसाला खाता आलं तर 50 कोटी लोकांची वर्षाची गरज भागेल असा हिशेब शास्त्रज्ञांनी मांडलेला आहे. आणि ते आपण जनावराला घालतो, तेही बघून बघून.

तर केस अशी आहे: सरकीतलं विष काढायचं पण झाडातलं ठेवायचं. हे एका जांभळ्या फुलाच्या रानटी झुडपाला कोणी न शिकवता जमलंय. ते त्याच्याकडून घेऊन आपल्या पराटीत आणायचा प्रयत्न अनेक दशकं चालला, कुठे अडकला, आणि शेवटी बाजी कोणी मारली, ते सगळं इथे लिहितोय.

आधी एक फसलेला प्रयोग सांगायला पाहिजे, कारण त्याशिवाय त्या झुडपाची किंमत कळत नाही. 1950च्या दशकात अमेरिकेत मॅकमायकेल नावाच्या संशोधकाला होपी आदिवासींच्या जुन्या कापसात बोंडावर तेलग्रंथी नसलेली झाडं सापडली. त्यावर काम करत दोन जनुकं एकत्र आणली की अख्खं झाड ग्रंथीमुक्त होतं, पानं साफ, देठ साफ, सरकी पण साफ. 1960च्या दशकात लोकांना वाटलं प्रश्न सुटला. वाण निघाले, पश्चिम आफ्रिकेत आयव्हरी कोस्टसारख्या देशातही ते शेतात उतरवले. आणि शेतात झालं काय, तर एरवी पराटीला तोंड न लावणारे भुंगेरे, उंदीर, ससे सगळे येऊन चरायला लागले. गॉसिपॉल हे झाडाने स्वतःसाठी केलेलं कीटकनाशक आहे, ते काढून घेतलं की पीक उघडं पडतं. वर फवारणी वाढवायची तर खर्च कोण करणार, सरकीला तसाही कुठे वेगळा भाव मिळत होता. हळूहळू ते वाण मागे पडले.

म्हणजे पाहिजे काय ते तेव्हा स्पष्ट झालं. झाड ठिपकेवालं, सरकी बिनठिपक्याची. आणि असलं झाड आधीपासून उगवत होतं, फक्त दुसऱ्या खंडावर आणि ज्याच्या रुईला गिरणीत किंमत शून्य असं.

हे झाड म्हणजे ऑस्ट्रेलियाच्या आतल्या कोरड्या भागातलं स्टर्ट्स डेझर्ट रोझ, शास्त्रीय नाव गॉसिपियम स्टर्टियानम. नावात रोझ असलं तरी गुलाबाशी काही संबंध नाही, हे जास्वंद, भेंडी, अंबाडीच्या खानदानातलं आणि त्यातही थेट कापसाच्या कुळातलं. माणसाच्या कमरेपासून डोक्यापर्यंत वाढणारं पसरट झुडूप, पानं गोलसर आणि करडी-हिरवी, उन्हात धरली की काळे ठिपके लगेच दिसतात. फूल फिकट जांभळं, पाच पाकळ्या, आणि मधोमध गडद लाल डाग, लांबून बघितलं तर जास्वंदीची धाकटी बहीण वाटेल. बोंड म्हणाल तर जेमतेम सेंटीमीटरभर, त्यातल्या बीला थोडी लव असते पण सूत काढण्याच्या लायकीचं त्यात काही नाही. ऑस्ट्रेलियाच्या मधोमध असलेल्या ॲलिस स्प्रिंग्ज गावाच्या आजूबाजूला खडकाळ उतार, घळी, कोरड्या नदीचं पात्र अशा ठिकाणी हे येतं. तिथे वर्षाला सरासरी 280 मिलिमीटरच्या आसपास पाऊस, तोही भरवशाचा नाही. आपला माण-खटाव किंवा आटपाडीचा पाऊस त्यापुढे बरा म्हणायचा.

नाव पडलं कॅप्टन चार्ल्स स्टर्टवरून. या माणसाला खात्री होती की ऑस्ट्रेलियाच्या पोटात मोठा समुद्र आहे, म्हणून 1844 साली तो ॲडलेडहून निघाला आणि सोबत चक्क होडी घेऊन गेला. समुद्र नव्हताच, वाळवंट होतं, वाटेत पाणी असलेल्या एका जागी हे लोक जवळपास सहा महिने अडकून पडले कारण पुढेही पाणी नाही आणि मागेही नाही. त्या मोहिमेत गोळा केलेल्या झाडांत हे झुडूप होतं आणि 1849 मध्ये वनस्पतीशास्त्रज्ञ रॉबर्ट ब्राऊनने त्याचं वर्णन छापलं, तेव्हा त्याला कापसात न धरता वेगळी प्रजातीच मानली होती. आजचं शास्त्रीय नाव 1947 मध्ये आलं, जे. एच. विलिस यांनी दिलेलं. 1961 मध्ये ॲलिस स्प्रिंग्ज ज्यात येतं त्या नॉर्दर्न टेरिटरी या प्रदेशाने हे आपलं राज्यफूल केलं आणि 1 जुलै 1978 ला स्वशासन मिळालं तेव्हा झेंड्यावर चढवलं. गंमत म्हणजे झेंड्यावरच्या फुलाला सात पाकळ्या आहेत, सहा राज्यं आणि सातवी ही टेरिटरी म्हणून. रंग पण जांभळा नाही, गेरूच्या पट्ट्यावर पांढरं फूल काढलंय. राजकारणात फुलाला दोन पाकळ्या जास्तीच्या मिळाल्या. (स्टर्टच्याच नावाचं दुसरं एक लालभडक फूल आहे, डेझर्ट पी, ते साऊथ ऑस्ट्रेलियाचं राज्यफूल, वाटाण्याच्या कुळातलं, त्याच्याशी घोळ घालू नका, नेटवर फोटो शोधताना हमखास घालतात.)

आता मुद्द्याचं. या झुडपाची सुकी बी कापून बघितली तर आत एकही काळा ठिपका नाही, गॉसिपॉल जवळपास नाहीच. पण तीच बी मातीत टाकली, पाणी मिळालं, कोंब फुटला की दलांवर, म्हणजे बीतून निघणाऱ्या पहिल्या पानांवर, ग्रंथी तयार व्हायला लागतात आणि झाड मोठं होईपर्यंत पान, देठ, बोंड सगळं भरलेलं. म्हणजे ग्रंथी करायचं जनुक झाडाकडे आहे, फक्त बी झोपलेली असेपर्यंत ते गप्प बसतं. ऑस्ट्रेलियातल्या आणखी काही रानकापसांत, बिकाय, ऑस्ट्राले वगैरे, हेच दिसतं. होपी कापसाच्या वाणात जनुकच बिघडलेलं होतं त्यामुळे सगळीकडेच ग्रंथी गायब. इथे जनुक ठणठणीत आहे, वेळ वेगळी आहे. ब्रीडरच्या, म्हणजे नवे वाण तयार करणाऱ्याच्या, दृष्टीने ही सोन्याची खाण, कारण कीड लागणारा भाग सगळा सुरक्षित आणि खायचा भाग साफ.

मग घ्या की संकर करून, एवढं काय अवघड? इथेच खरी केस सुरू होते.

आपला आज शेतात असलेला अमेरिकन कापूस, हिर्सुटम, त्याच्या पेशीत 52 गुणसूत्रं असतात. ती दोन वेगवेगळ्या पूर्वजांकडून आलेली, शास्त्रज्ञ त्यांना ए गट आणि डी गट म्हणतात. ए हा आपल्या देशी कापसाच्या नात्यातला, डी हा मेक्सिकोकडच्या रानकापसांच्या नात्यातला, आणि साधारण 10 ते 20 लाख वर्षांपूर्वी दोन्ही एकत्र येऊन हे झाड झालं. स्टर्टियानमकडे 26 गुणसूत्रं, गट सी, म्हणजे तिसराच. सीची गुणसूत्रं आकाराने पण मोठी, एकूण डीएनए डी गटाच्या दुपटीहून जास्त. संकर केला तर 26 आणि 13 मिळून 39 गुणसूत्रांचं पोर जन्माला येतं, तेही बऱ्याचदा बोंडात जगत नाही, बीजांड बाहेर काढून काचेच्या नळीत वाढवावं लागतं. आणि झाड मोठं झालं तरी वांझ, कारण परागकण तयार होताना प्रत्येक गुणसूत्राला आपल्या जोडीचं गुणसूत्र लागतं. ज्या बैलाला जोडीच नाही त्याला जुवाला जुंपून नांगर चालत नाही, तसं ते.

यावर ब्रीडर लोकांकडे ठरलेला उपाय आहे, कोल्चिसिन. हे रसायन लावलं की गुणसूत्रं दुप्पट होतात, 39 ची 78, म्हणजे प्रत्येकाला आपली जुळी जोडी मिळाली आणि झाड फळायला लागलं. पण 78 गुणसूत्रांचं झाड म्हणजे शेतातला वाण नव्हे, ते परत परत साध्या कापसाशी संकर करून 52 वर आणावं लागतं, आणि आणताना नेमकी सी गटाची गुणसूत्रं गळून जातात. सगळी गळाली की शेवटी हातात आपला जुनाच कापूस. आणि जे सीचं गुणसूत्र राहतं ते अख्खं राहतं, म्हणजे पाहिजे ते एक जनुक आणि सोबत नको ती हजार जनुकं.

1987 मध्ये टेक्सासमधल्या संशोधकांनी बीजांड-संवर्धनाच्या याच वाटेने स्टर्टियानमचा हा गुण लागवडीच्या कापसात आणायचं काम प्रसिद्ध केलं. पण मला सगळ्यात जास्त आवडलेलं काम बेल्जियमच्या गेंब्लू इथल्या कृषी विद्यापीठाचं आहे. बेल्जियममध्ये कापसाचं एक झाड शेतात उभं राहत नाही आणि तिथे बसून ही मंडळी वर्षानुवर्षं याच एका गुणामागे लागली होती, आफ्रिकेच्या कापूस पट्ट्याशी त्यांचं जुनं नातं असल्यामुळे असेल.

त्यांची युक्ती अशी. स्टर्टियानमला थेट हिर्सुटमला भिडवायचं नाही, मध्ये पूल टाकायचा. पूल म्हणून घेतला थर्बेरी, ॲरिझोना आणि मेक्सिकोच्या सोनोरा भागातला रानकापूस, गट डी. आधी थर्बेरी आणि स्टर्टियानमचा संकर, गुणसूत्रं 26, वांझ. कोल्चिसिन लावून ती 52 केली, झाड फळू लागलं, आणि आता याचा संकर 52 वाल्या हिर्सुटमशी. पोराला पण 52 च. त्यातली 13 ए, 13 डी हिर्सुटमकडून, 13 डी थर्बेरीकडून, 13 सी स्टर्टियानमकडून. आता मजा बघा, डीला डी मिळाला, त्यांचं जमलं. उरले ए आणि सी. त्यांना दुसरं कोणी शिल्लकच नाही, तर नाइलाजाने का होईना अधूनमधून एकमेकांशी जोडी करतात, तुकड्यांची देवाणघेवाण होते, आणि त्या एखाद्या देवाणघेवाणीत ग्रंथी लांबवणारा तुकडा एच्या गुणसूत्रात येऊन बसला तर काम फत्ते. दुसरा एक पूल त्यांनी रायमोंडाय या पेरूच्या रानकापसाचा पण टाकला. 1990 च्या दशकापासून पुढची बरीच वर्षं यावर पेपर येत राहिले, डीएनएच्या खुणा लावून कुठल्या झाडात स्टर्टियानमचा किती तुकडा उरलाय हे तपासत तपासत.

मिळालं काय? मिळालं, पण अर्धं. ठिपकेवाल्या झाडावर ग्रंथी खूप कमी असलेल्या बिया मिळाल्या, काही तर जवळजवळ साफ. पण एकाच झाडाच्या बियांमध्ये एक साफ, दुसरी अर्धवट, तिसरी नेहमीसारखी असं चालू. पुढच्या पिढीत गुण पातळ व्हायचा किंवा झाडाची फळधारणाच मार खायची. गुण स्थिर झाला, शेतकऱ्याने पेरला आणि सगळ्या सरक्या साफ निघाल्या असा वाण त्यातून बाजारात आला नाही. याचं खापर मेहनतीवर फोडता येत नाही. माझ्या समजुतीप्रमाणे कारण दोन आहेत. एक तर ए आणि सी लाखो वर्षांपूर्वी वेगळे झालेले, त्यांच्यात देवाणघेवाण मुळातच क्वचित. आणि दुसरं, जे लोकांच्या लक्षात येत नाही, हा गुण एका जनुकाचा साधा चालू-बंद प्रकार नाहीये. बीमध्ये गप्प बस आणि कोंब फुटल्यावर कामाला लाग, हा निरोप ज्या यंत्रणेतून जातो ती स्टर्टियानमच्या स्वतःच्या डीएनएत बसवलेली आहे, आणि बाजूला हिर्सुटमची जुनी ग्रंथीची जनुकं ठणठणीत चालू आहेत, ती बीमध्ये ठिपके काढतच राहणार. पाहुण्याने गप्प बसायचं ठरवून घरचे गप्प बसत नाहीत.

ऑस्ट्रेलियातल्या लोकांनी याच झुडपाकडे वेगळ्या कारणासाठी बघितलं, ते थोडक्यात सांगतो कारण आपल्याकडे मर रोग सगळ्यांना माहिती आहे. 1993 मध्ये क्वीन्सलँडच्या डार्लिंग डाऊन्स भागात कापसावर फ्युजेरियम मर आला. बुरशीचे नमुने तपासले तर जगात इतर कुठे सापडणाऱ्या मर रोगाच्या बुरशीशी ते जुळेनात, म्हणजे बाहेरून बियाण्यातून आली असं वाटत नव्हतं, उलट तिथल्याच रानकापसांखालच्या मातीतल्या बुरशीतून ती वर आली असावी असा अंदाज पुढे आला. मग साहजिक विचार, जिथे रोग जुना तिथे प्रतिकार पण जुना असणार. कॅनबेराच्या सीएसआयआरओ या सरकारी संशोधन संस्थेत स्टर्टियानमचे वेगवेगळ्या ठिकाणचे नमुने लावून तपासले, काही तग धरणारे निघाले, काही सरळ मेले. तिथेही 78 गुणसूत्रांची झाडं करून संकराच्या पिढ्या चालवल्या आणि तिथेही तीच अडचण. मर रोगाला शेतकऱ्याला खरा आधार शेवटी साध्या कापसातल्याच सहनशील वाणांनी दिला. (आपल्याकडे फ्युजेरियम मर मुख्यतः देशी कापसाला येतो. बीटी कापसात पाऊस उघडून परत जोरात आला की झाड एकाएकी माना टाकतं ती आकस्मिक मर, ती बुरशीची नाही, तिला बुरशीनाशक ओतून पैसे घालवू नका.)

ही गुणसूत्रांची भिंत एका बाबतीत मात्र कामाची ठरली. 1996 पासून ऑस्ट्रेलियात बीटी कापूस आहे, आणि जीएमवर, म्हणजे प्रयोगशाळेत जनुक घालून केलेल्या पिकांवर, प्रश्न विचारताना तिथे हमखास विचारलं जातं की याचे जनुक आपल्या रानकापसात, राज्यफुलात जाणार का. तिथल्या नियामकांचं उत्तर साधारण असं की झाडं शेजारी उगवली, मधमाशीने पराग नेला तरी 52 आणि 26 चं पोर जगून फळणं जवळपास अशक्य. म्हणजे ब्रीडरला काचेची नळी, कोल्चिसिन, पूल हे सगळं करून जे धड जमलं नाही ते शेताच्या बांधावर आपोआप होणार नाही. ज्या गोष्टीवर एका बाजूने लोक वैतागतात तीच दुसऱ्या बाजूने त्या झुडपाचं रक्षण करते.

आता बाजी कोणी मारली ते. टेक्सास ए अँड एम विद्यापीठातले कीर्ती राठोड, मूळचे भारतीय, त्यांनी संकराचा नादच सोडला. गॉसिपॉल तयार होण्याच्या साखळीत सुरुवातीला एक विकर लागतं, डेल्टा-कॅडिनीन सिंथेज, त्याचं जनुक आरएनएआय या तंत्राने गप्प करायचं, पण झाडभर नाही, फक्त बीमध्ये. त्यासाठी फक्त बीमध्येच चालू होणारा स्विच त्यांनी कापसाच्याच बीजप्रथिनाच्या जनुकाकडून घेतला. 2006 मध्ये पेपर आला, पुढे शेतात चाचण्या झाल्या, पानांतलं आणि बोंडांतलं गॉसिपॉल जसंच्या तसं आणि सरकीतलं 97 टक्क्यांच्या आसपास कमी. साध्या सरकीत किलोला 10,000 मिलिग्रॅमच्या घरात असतं, इथे 300 च्या आसपास, आणि अमेरिकेच्या एफडीएची, म्हणजे तिथल्या अन्न-औषध खात्याची, खाण्यासाठीची मर्यादा 450. 2018 मध्ये तिथल्या कृषी खात्याने लागवडीला मोकळीक दिली आणि 2019 मध्ये एफडीएने माणसाने आणि जनावराने खायला.

म्हणजे त्या जांभळ्या झुडपाला जे जमतं नेमकं तेच, पण त्या झुडपाचं एकही जनुक न घेता. मग झुडपावरची ती सगळी वर्षं वाया गेली का? मला तसं वाटत नाही आणि हे भावनेपोटी म्हणत नाहीये. आरएनएआयवाला कापूस जीएममध्ये मोडतो. भारतात 2002 मध्ये बीटी कापूस आला त्यानंतर अधिकृतपणे दुसरं कुठलं जीएम पीक शेतकऱ्याच्या शेतात गेलेलं नाही (चोर बीटीची, म्हणजे परवानगीशिवाय विकल्या जाणाऱ्या बियाण्याची, गोष्ट वेगळी, ती सगळ्यांना माहिती). त्यामानाने जनुक-संपादनाचं दार 2022 मध्ये जरा किलकिलं झालं, बाहेरचं जनुक न घालता झाडाच्या स्वतःच्याच जनुकात बारीक बदल असेल तर नियमांत सूट आहे. मग संपादन करून ग्रंथीचं मुख्य जनुकच तोडलं तर? ते जनुक 2016 मध्ये चिनी शास्त्रज्ञांनी शोधलेलं आहे, तोडणं अवघड नाही, पण तोडलं की अख्खं झाड साफ, म्हणजे परत 1960 च्या दशकातले उंदीर आणि भुंगेरे. पाहिजे तो बदल जनुकात नाही, जनुक कधी जागं होतं त्या यंत्रणेत करायला लागेल, आणि ती यंत्रणा निसर्गात चालताना बघायची तर ऑस्ट्रेलियातले हे रानकापूस सोडून दुसरीकडे कुठे बघणार. नागपूरला केंद्रीय कापूस संशोधन संस्था 1976 पासून आहे, तिच्याकडे जंगली कापसांच्या जातींचा संग्रह आहे, तेव्हा हा विषय आपल्यापासून वाटतो तेवढा लांब नाही.

पण समजा उद्या असा वाण आला, जीएम म्हणा नाहीतर संपादित म्हणा, तरी शेवटचा पेच गुणसूत्रांत नाहीच, तो जिनिंगमध्ये, म्हणजे रुई आणि सरकी वेगळी करतात तिथे, आहे. आपल्याकडे कापूस बाजार समितीत नाहीतर खेडा खरेदीत जातो, एका ढिगात शंभर शेतकऱ्यांचा माल, ग्रेड बघायचा तो रुईचा, लांबी, ओलावा, कवडी किती. सरकी सगळ्यांची एकत्र पडते. साफ सरकीत थोडी जरी ठिपकेवाली मिसळली तर ती माणसाच्या खाण्याच्या कामातून गेली, परत ढेपच. म्हणजे वेगळी खरेदी, वेगळी जिनिंग, वेगळं गोदाम, वेगळा घाणा आणि प्रत्येक टप्प्यावर तपासणी लागणार. अमेरिकेत परवानगी मिळूनही हे पीक अजून मोठ्या प्रमाणावर पसरलेलं दिसत नाही त्यात या गोष्टीचा वाटा असणार असं मला वाटतं, कारण शेतकऱ्याला पैसे मिळतात रुईचे, आणि साफ सरकीसाठी क्विंटलमागे जास्तीचे किती देणार हे घाणेवाल्याने आधी सांगितल्याशिवाय कोणी वेगळा ढीग लावत बसणार नाही.